गुराख्याला बायको कशी मिळाली?



या सदरात आपण आजवर बियाणे, खते, खोडवा, हुमणी, वैरण असल्याच गोष्टी बोलत आलो. आज जरा वाट वाकडी करून एका कादंबरीची गोष्ट सांगणार आहे. "साहेब उसावरून एकदम प्रेमाच्या गोष्टीवर कसे आले?" असे म्हणून पान उलटू नका. ही गोष्ट गुरे राखणाऱ्या माणसाची आहे, म्हणजे आपल्यातल्याच माणसाची आहे. आणि ती सांगून झाल्यावर आपण ज्या प्रश्नापाशी येणार आहोत, तो प्रश्न आज गावातल्या कितीतरी घरांच्या सोप्यात ठाण मांडून बसला आहे.

अमेरिकेत 'काऊबॉय' नावाच्या माणसावर प्रेमकथा लिहिण्याची मोठी चाल आहे. काऊ म्हणजे गाय आणि बॉय म्हणजे पोरगा. गाईमागचा पोरगा, आपल्या भाषेत गुराखी. या कादंबऱ्यांची घडण बहुतेक ठरलेली असते. आडबाजूचे लहानसे गाव, तिथला रांगडा, कमी बोलणारा, घोड्यावर मांड ठोकून बसणारा गुराखी, आणि शहरातून आलेली शिकलेली, पटकन बोलणारी मुलगी. दोघांचे पहिल्या भेटीतच बिनसते. तिला त्याच्या अंगाला शेणाचा वास येतो, त्याला तिची भाषा टोचते. शेवटच्या पानावर मात्र लग्न. अशी पुस्तके तिकडे आजही निघतात आणि बायाबापड्या आवडीने वाचतात.

यातल्या गुराख्याची ओळख आधी करून घेऊ. अमेरिकेतले यादवी युद्ध १८६५ साली संपले. त्यानंतर टेक्सास प्रांतातली हजारो गुरे शेकडो मैल चालवत उत्तरेला कॅन्सस प्रांतातल्या रेल्वे स्टेशनांपर्यंत नेण्याचा धंदा सुरू झाला. गुरे हाकणारे हे गडी रोजंदारीवरचे, बहुतेक विशी-पंचविशीतले. त्यांत गोरे होते तसे काळे होते, मेक्सिकोचे होते. महिनोन् महिने उघड्यावर झोपायचे, धुळीत जेवायचे आणि मालकाची गुरे मोजून पोचवायची. पुढे १८७४ मध्ये सुधारलेल्या काटेरी तारेचे पेटंट निघाले आणि मोकळ्या रानाला कुंपणे पडली. रेल्वे जवळ आली. १८८६-८७ च्या हिवाळ्यात बर्फाखाली चारा गाडला जाऊन अफाट गुरे मेली. धंदा बसला. सिनेमात आणि कादंबऱ्यांत शंभर वर्षे घोडा दौडवणारा हा काऊबॉय खऱ्या जगात आपल्या ऐन भरात वीस-बावीस वर्षेच होता.

कोल्हापूरकराला असा माणूस परका वाटायचे कारण नाही. दिवाळीत म्हशी नटवून रस्त्याने मिरवणारे, मोटारसायकलीच्या मागे त्यांना पळवणारे गवळी आपण पाहतो. राधानगरी-शाहूवाडीच्या डोंगरातले धनगरवाडे आपल्याला माहीत आहेत. जनावराच्या नुसत्या हंबरण्यावरून त्याला काय हवे ते ओळखणारी माणसे आपल्या प्रत्येक गल्लीत आहेत.

आता गोष्ट. ओवेन विस्टर नावाच्या लेखकाने १९०२ साली 'द व्हर्जिनियन' ही कादंबरी लिहिली. गुराखी आणि शहाणी पोरगी या साऱ्या गोष्टींची ही आजी म्हणायला हरकत नाही. लेखक स्वतः फिलाडेल्फियाचा, हार्वर्डमध्ये शिकलेला. १८८५ पासून तो पश्चिमेकडच्या वायोमिंग प्रांतात जाऊन राहत असे आणि पाहिलेले टिपून ठेवत असे. कादंबरीतला गुराखी व्हर्जिनिया प्रांतातून आलेला, म्हणून सगळे त्याला तेवढ्याच नावाने ओळखतात. पुस्तक संपले तरी त्याचे खरे नाव काही कळत नाही. चौदाव्या वर्षी घर सोडलेला, शाळा जेमतेम झालेला, पण कामाला वाघ.

मुलीचे नाव मॉली वुड. दूर पूर्वेकडच्या व्हरमाँट प्रांतातली. जुने नावाजलेले घराणे, पण गिरण्या बुडाल्या आणि घर बसले. मॉलीने गाण्याच्या शिकवण्या केल्या, भरतकाम केले. एक पैसेवाले स्थळ सांगून आले होते. घरच्यांना पसंत होते. पण मनात नसताना केवळ पैशासाठी लग्न करायचे नाही म्हणून तिने नकार दिला आणि हजारो मैल लांब, एका लहान गावात मास्तरीण म्हणून ती एकटी निघाली.

वाटेत नदी ओलांडताना तिची घोडागाडी पाण्यात अडकते आणि हा गुराखी तिला उचलून काठावर ठेवतो. आता हिने पाघळावे, असे आपल्याला वाटते. पण पुढे नाचाच्या कार्यक्रमात तो तिच्यासमोर येऊन उभा राहतो तेव्हा ती सांगते, आपली रीतसर ओळख झालेली नाही, मी तुमच्याबरोबर नाचणार नाही. गडी चिडतो. त्याच रात्री बाया तिकडे नाचात दंग असताना, एका खोलीत निजवलेल्या त्यांच्या तान्ह्या पोरांची दुपटी आणि कपडे तो आणि त्याचा सोबती अदलाबदल करून ठेवतात. आया अंधारात भलतीच पोरे घेऊन मैलोगणती घरी जातात! आपल्याकडे असे कुणी केले असते तर चावडीवर झाडाला बांधले असते.

इथपर्यंत दोघे दोन टोकांना. ती पुस्तकातली, तो रानातला. तिला नियम प्रिय, त्याला आपली मर्जी. मग ही गाठ बसली कशी?

लेखकाने इथे घाई केलेली नाही, आणि म्हणून ही जुनी कादंबरी मला आजही वाचावीशी वाटते. तो गुराखी तिच्याकडे पुस्तके मागायला लागतो. स्कॉट वाचतो, शेक्सपिअर वाचतो, आणि न आवडलेले पुस्तक सरळ 'नाही आवडले' म्हणून परत देतो. आपले अक्षर आणि शुद्धलेखन कच्चे आहे हे त्याला ठाऊक आहे, ते तो तिच्याकडून शिकून घेतो. शिकताना मान खाली घालावी लागते, आणि एवढा दांडगा गडी ती घालतो. तीही त्याच्याबरोबर घोड्यावर रान तुडवते, तिथला वारा-पाऊस ओळखायला शिकते. असे महिने जातात, वर्षे जातात.

तरीही तिचे मन ठरत नाही. ती सामान बांधते, गावी परत जायचे नक्की करते. त्याच वेळी त्या भूमीच्या मूळ रहिवाशांशी झालेल्या चकमकीत तो गोळी लागून एका झऱ्याकाठी पडलेला तिला दिसतो. ती एकटी त्याला शुद्धीवर आणते, घोड्यावर धरून घरी नेते आणि शुश्रूषा करते. आता दुबळा तो आहे आणि खंबीर ती. तिचा होकार या दिवसांत येतो.

होकार आल्यावर तो जे करतो ते मला फार महत्त्वाचे वाटते. तो मॉलीच्या आईला स्वतः पत्र लिहितो. मी कोण, कुठला, काय काम करतो, माझ्या हातून आजवर काय काय घडले, हे सगळे न लपवता कळवतो. गावाने सांगावे, मध्यस्थाने रंगवावे, याची वाट पाहत नाही.

कादंबरीत एक गोष्ट मात्र मला रुचली नाही, तीही सांगतो. शेवटी एका जुन्या वैऱ्याशी त्याला पिस्तुलाने सामना करायचा असतो. मॉली म्हणते, तू गेलास तर आपले लग्न मोडले. तो जातो, आणि जिवंत परतल्यावर ती आपला शब्द मागे घेते. म्हणजे बरोबरीच्या साऱ्या गोष्टी करून लेखकाने अखेरीला बाईलाच वाकवले. पुढच्या काळातल्या अशाच किती कथांत हा दोष उतरला आहे. आणि कथांचे कशाला, आपल्या घरांत तरी काय वेगळे आहे?

आता आपल्या मातीकडे या. आपल्या भागातही गुराख्याची एक थोर कादंबरी आहे. कागलच्या आनंद यादवांची 'गोतावळा', १९७१ सालची. तिच्यातला नारबा हा मळ्यावरचा सालगडी. बैल, म्हशी, कुत्री, कोंबड्या, झाडेझुडपे हाच त्याचा गोतावळा. त्याचे लग्न होत नाही. बाईमाणसाची, संसाराची ओढ त्याच्या आत जळत राहते आणि तो ती जनावरांच्या मायेत विझवू पाहतो. मग मळ्यात ट्रॅक्टर येतो, जनावरे जातात आणि नारबाचा गोतावळा तुटतो. तिकडच्या गुराख्याला लेखकाने बायको दिली, आपल्या गुराख्याला मिळाली नाही. यादवांनी पाहिले ते खरे लिहिले. त्यांच्या नारबाला स्वतःची जमीन नाही, स्वतःचा शब्द नाही. त्याच्या लग्नाचा विचार दुसऱ्या कुणीतरी करायचा.

आणि दोन टोकांची माणसे एकत्र आली तर काय होते, याचे आपल्याकडचे सर्वांना ठाऊक असलेले चित्र म्हणजे १९७२ चा 'पिंजरा'. व्ही. शांतारामांचा सिनेमा, संवाद आपल्या पट्टणकोडोलीच्या शंकर पाटलांचे, गाणी आपल्या हळदीच्या जगदीश खेबुडकरांची. मुळात जर्मन लेखक हाइनरिश मान यांच्या १९०५ च्या कादंबरीवरून १९३० साली एक चित्रपट निघाला होता, त्याचा हा मराठी अवतार. गावाला वळण लावणारे आदर्श गुरुजी आणि तमाशातली चंद्रकला. गुरुजी तिच्या पायी गाव सोडतात, फडात हरकाम्या होऊन राहतात. गाव त्यांना मेले समजून त्यांचा पुतळा उभा करते आणि शेवटी स्वतःच्याच खुनाचा आरोप त्यांच्यावर येतो. आपल्या बापजाद्यांनी हा सिनेमा पाहून एकच धडा घेतला, की भलत्याच्या नादी लागले की माणूस संपतो. पण नीट पाहा. गुरुजी बुडाले ते चंद्रकला वेगळी होती म्हणून का? गावात आपण देव आहोत हे सोंग त्यांना मोडता येईना, तिच्यासाठी आलेली माया उघड सांगता येईना, म्हणून ते बुडाले. व्हर्जिनियन पत्र लिहितो, गुरुजी लपतात. मला तरी सगळा फरक तिथे दिसतो.

आता त्या ओसरीवरच्या प्रश्नाकडे येऊ. मी गावी प्लॉट बघायला गेलो की चहा होईपर्यंत घरातले कुणीतरी हळूच विषय काढते.

"सायेब, तुमी एवढी गावं फिरताय. आमच्या पोरासाठनं एखादं स्थळ बघा की."

"पोरगा काय करतो?"

"शेती करतोय. चार एकर बागायत हाय, दोन म्हशी हायत. कसलं यसन न्हाई. पर शेतीवाल्याला कोण पोरगी देईना झालंय बघा."

"तुमची थोरली मुलगी कुठे दिली?"

"तिला पुण्याला दिली. जावई कंपनीत हाय."

मग दोघेही गप्प बसतात. हे बोलणे मी एका घरात नव्हे, अनेक घरांत ऐकले आहे. आपल्या मुलीसाठी नोकरीवाला जावई शोधायचा आणि आपल्या मुलासाठी दुसऱ्याची मुलगी शेतात मागायची, हा हिशेब कुठल्या वहीत बसणार? डिसेंबर २०२२ मध्ये सोलापुरात बिनलग्नाचे तरुण मुंडावळ्या बांधून, घोड्यावर बसून जिल्हाधिकारी कचेरीवर मोर्चा घेऊन गेले होते. वर्तमानपत्रात फोटो पाहून लोक हसले. त्या पोरांच्या आया हसल्या नसतील.

यातला काही भाग आपल्याच हातचा आहे, तो स्पष्ट बोलला पाहिजे. २००१ च्या जनगणनेत कोल्हापूर जिल्ह्यात सहा वर्षांच्या आतल्या हजार मुलग्यांमागे मुली होत्या ८३९. गर्भलिंग तपासणीला बंदी करणारा कायदा १९९४ सालीच झाला होता, तरी ही स्थिती. ऊस, दूध, साखर कारखाने, पाणी सगळे होते आणि मुली नव्हत्या. ती सहा वर्षांच्या आतली पोरे आज पंचविशी-तिशीत आहेत, लग्नाला उभी आहेत. पेरलेच नाही ते उगवणार कुठून? त्या टंचाईवर आता लग्न जुळवणारे दलाल पोट भरत आहेत. पैसे घेऊन लांबून मुलगी आणून देणारे, आणि चार दिवसांत दागिन्यांसकट ती नाहीशी होणारी प्रकरणे आपण वाचतो. माणसाचा असा सौदा कुणी करू नये, आणि अशा सौद्यात एखादी गरिबाची पोर फसवून आणलेली असू शकते हेही विसरू नये.

दुसरा भाग असा, की ज्या मुली आहेत त्या आता शिकल्या आहेत. बारावी, पदवी, नर्सिंग, डी.एड. झालेली मुलगी आणि दहावी-बारावीला शाळा सोडून शेतीत पडलेला मुलगा, ही आज आपल्या प्रत्येक गावातली जोडी आहे. म्हणजे मॉली आणि गुराखी आपल्या दारातच उभे आहेत. टोके दोन आहेत, हे मान्य करून चालावे लागेल.

पण दोन टोकांचे जमत नाही असे शेती तरी म्हणत नाही. सोयाबीन आणि तूर यांचे आंतरपीक आपण घेतो, चार ओळी सोयाबीन आणि दोन ओळी तूर. दोघांचे स्वभाव पाहिले तर अगदी उलटे. सोयाबीन घाईचे, सुमारे शंभर दिवसांत मोकळे होणारे. तूर सुरुवातीला रेंगाळणारी, पाच-सहा महिने घेणारी. सोयाबीनच्या मुळ्या बऱ्याचशा वरच्या थरात, तुरीचे सोटमूळ खोल जाणारे. एक भरात असते तेव्हा दुसरे संयमाने थांबते आणि पहिले निघाले की दुसरे हातपाय पसरते. म्हणून एकाच रानात दोन्ही पिकतात. मात्र ओळींचे अंतर राखले पाहिजे. तुरीवर दाटी केली की तूर गुदमरते. मग आपण तुरीला नावे ठेवतो, पेरणी कुणी केली ते विचारत नाही. घरात आलेल्या शिकल्या सुनेचे असेच होते. तिच्या वाट्याची ओळच आपण ठेवलेली नसते.

ती ओळ कशी ठेवायची, यासाठी माझ्या खात्याकडे योजना नाही. पण फिरतीवर जे पाहिले आणि वर सांगितलेल्या गोष्टीतून जे उमगले, ते चार मुद्द्यांत मांडतो.

पहिला मुद्दा मुलांसाठी. बाळांनो, मिशा पिळून आणि बुलेटचा आवाज काढून शिकलेली मुलगी भुलत नाही. तो गुराखी पुस्तके मागायला गेला, हे लक्षात ठेवा. माती परीक्षणाचा अहवाल स्वतः वाचता येतो का? उसाचा, दुधाचा, मजुरीचा हिशेब वहीत लिहिता का? बायको चार बुके जास्त शिकलेली असेल तर तिच्याकडून शिकण्यात कमीपणा वाटतो का? वाटत असेल तर तो आधी काढून टाका. आणि स्वयंपाकघरात पाण्याचा तांब्या स्वतः भरून घ्यायला शिका. त्याने पुरुषपण कमी झाल्याचे माझ्या पाहण्यात नाही.

दुसरा मुद्दा आईवडिलांसाठी. स्थळ बघताना खरे सांगा. सोसायटीचे कर्ज किती, वाटणी झाली आहे की नाही, पाणी बारमाही आहे की आठमाही, मुलगा खरोखर किती शिकला, हे मुलीला आणि तिच्या घरच्यांना आधी कळू द्या. पाच एकरांचे दहा सांगून जमवलेले लग्न पहिल्या उन्हाळ्यात उघडे पडते. मुलाला आणि मुलीला निवांत बोलू द्या. पोह्यांची बशी आणि दहा माणसांच्या नजरा यांत माणसाची पारख होत नाही. आणि दोघांपैकी एकानेही नाही म्हटले, तर ते 'नाही' समजा.

तिसरा मुद्दा पैशाचा, आणि तो सगळ्यांत अवघड. आपल्या जिल्ह्यात गोकुळ दूध संघ १९६३ साली सुरू झाला, पुढे वारणेचा वाढला, आणि दर दहा दिवसांनी दुधाचे बिल घरात येऊ लागले. म्हशीचे शेण काढते कोण? वैरण कापून डोक्यावर आणते कोण? पहाटे धार काढते कोण? आणि डेअरीचे पुस्तक कुणाच्या नावावर असते? या चार प्रश्नांची उत्तरे आज रात्री जेवताना घरात मोठ्याने द्या. सून येणार असेल तर दोन म्हशींतल्या एकीचे पुस्तक तिच्या नावावर करता येईल की नाही, याचा विचार करा.

जमिनीचेही तसेच. शेतकरी संघटनेने १९८६ साली चांदवडला शेतकरी महिलांचे मोठे अधिवेशन भरवले आणि पुढे 'लक्ष्मीमुक्ती' म्हणून मोहीम काढली, की नवऱ्याने हयातीतच जमिनीचा वाटा बायकोच्या नावे करावा. १९९२ मध्ये शासनाने परिपत्रक काढून नवऱ्याच्या अर्जावरून सातबाऱ्यावर बायकोचे नाव सहहिस्सेदार म्हणून लावण्याची वाट करून दिली. १९९४ साली महाराष्ट्राने आणि २००५ साली केंद्राने मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलांबरोबरीचा हक्क दिला. कायदा दारात येऊन उभा आहे, कडी आपण आतून लावली आहे. तलाठ्याकडे जाऊन चौकशी तरी करा. 'शेतकरी नवरा नको' म्हणणाऱ्या मुलीला 'तूही शेतकरी होशील, सातबाऱ्यावर नाव लागेल' असे सांगणारे घर भेटले, तर ती एकदा तरी थांबून विचार करील.

चौथा मुद्दा मुलींसाठी. पोरींनो, तुमचे म्हणणे मी समजू शकतो. आईची फुटलेली टाच आणि बाबांचे सावकाराकडचे हेलपाटे तुम्ही पाहिलेले आहेत. शेतीला नाही म्हणण्याचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे. फक्त माणूस पाहून नाही म्हणा, त्याचा चिखल पाहून म्हणू नका. मॉलीने पैसेवाला नाकारला आणि गुराख्याला चार ऋतू पारखले. नोकरी बारा हजारांची आणि खोली भाड्याची, तरी 'नोकरीवाला' म्हणून होकार, आणि नीट हिशेबाने शेती करणारा, दूध-भाजीवर घर चालवणारा केवळ 'शेतीवाला' म्हणून बाद, असे करण्याआधी दोन्ही वह्या शेजारी ठेवून पाहा. मग जे ठरवाल ते तुमचे.

वेगळेपणाची भीती वाटते, तेव्हा आपल्या कोल्हापूरचा इतिहास आठवावा. राजर्षी शाहू महाराजांनी १९१९ साली आपल्या संस्थानात आंतरजातीय विवाहाला कायद्याची मान्यता दिली. त्या काळात ही गोष्ट बोलायचीही चोरी होती. नुसता कायदा करून ते थांबले नाहीत. मराठा आणि धनगर घराण्यांत सोयरिकी व्हाव्यात म्हणून त्यांनी खटपट केली आणि आपल्याच नात्यातली, कागलच्या घाटगे घराण्यातली मुलगी इंदूरच्या होळकरांकडे द्यायचे ठरवले. महाराज १९२२ साली गेले, लग्न त्यांच्या पश्चात झाले. होळकरांचे मूळपुरुष मल्हारराव लहानपणी मेंढरे राखत, असे परंपरा सांगते. म्हणजे मेंढपाळाच्या वंशात जहागीरदाराची लेक गेली. ते लग्न प्रेमाचे नव्हते, वडीलधाऱ्यांनी ठरवलेले होते. पण ठरवणाऱ्यांनी आधी स्वतःच्या घरातली मुलगी पुढे केली, दुसऱ्याच्या मुलीला उपदेश केला नाही. आज शेतकऱ्याच्या मुलाला मुलगी मिळत नाही म्हणून सभेत तावातावाने बोलणाऱ्या आपल्या पुढाऱ्यांनी, आणि तुम्ही-आम्हीही, एवढे एक महाराजांकडून घ्यावे.

आणि मुले-मुली आपापसांत जमवून आली, तर काय करायचे? आपल्या रागाने काय होते, ते २०१६ च्या 'सैराट' सिनेमात सगळ्या महाराष्ट्राने पाहिले, गाण्यांवर नाचला, आणि शेवटचे दृश्य पाहून गप्प घरी गेला. तसे खऱ्या घरांतही घडते. मुलगी अठरा वर्षांची, मुलगा एकवीस वर्षांचा झाला असेल, दोघांची मर्जी असेल, तर बापाचे काम मुलाची वही तपासण्याचे आहे. कुऱ्हाड शोधण्याचे नाही. रागाने लेक जाते, जावई जातो आणि आपणही तुरुंगात जातो. मागे उरते ती रिकामी ओसरी.

व्हर्जिनियन पुढे जमीनजुमल्याचा मालक झाला, त्याच्या जमिनीत कोळसा निघाला, असे कादंबरी सांगते. आपल्या रानात कोळसा निघणार नाही. पण या वर्षी लग्नाला उभा असलेला मुलगा ज्या घरात आहे, त्या घराने निदान दुधाचे पुस्तक आणि सातबारा काढून समोर ठेवावा आणि येणाऱ्या मुलीची ओळ त्यात कुठे बसते, ते पाहावे. बसत नसेल तर नुसत्या स्थळाच्या शोधात चपला झिजवून उपयोग नाही.

घरातल्या सुनांनी आणि लग्नाच्या मुलींनी या विषयावर आपले म्हणणे मला अवश्य कळवावे. नाव छापू नका म्हटलेत तर छापणार नाही. पुढच्या खेपेला पुन्हा आपल्या खोडव्याकडे वळू. पाचट जाळू नका, एवढे आताच सांगून ठेवतो.